यंत्र आणण्याआधी रंग विचारा

मैत्रिणींनो, गटाचा उद्योग काढताना ग्रामपंचायतीचा ना-हरकत दाखला मिळाला की आपण निर्धास्त होतो. तेवढ्याने भागत नाही. पाण्यासाठी १९७४चा आणि हवेसाठी १९८१चा प्रदूषण कायदा आहे.

उद्योगांना प्रदूषणानुसार रंग दिले आहेत. सर्वांत घातक लाल, मग नारिंगी, हिरवा, शेवटी पांढरा. पांढऱ्या उद्योगाने महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाला कळवले की पुरे. लाल, नारिंगी, हिरव्याला मंडळाची संमती दोनदा लागते: उभारणीआधी आणि सुरू करण्याआधी.

हातमागावर नुसते विणणे पांढऱ्यात येते. तिथेच सूत रंगवू लागलो, की सांडपाणी निघते आणि उद्योगाचा रंगही बदलतो.

म्हणून कर्ज उचलण्याआधी मंडळाच्या कार्यालयात आपला रंग विचारून घेऊ. उद्योगाला टाळे लागले, तरी बँकेचा हप्ता थांबत नाही.