लॅपटॉपमधील जागा, भाग ६ : गेम काढताना काय जाते, काय उरते

नगद नारायण महाराजांच्या नावाने ओळखले जाणारे आणि धाकटी पंढरी म्हणून ख्यात असलेले नारायणगड हे बीड जिल्ह्यातील देवस्थान होय. त्याच्या पंचक्रोशीतील एखाद्या घरात महाडीबीटीवरील शिष्यवृत्तीच्या अर्जापासून सीईटीच्या प्रवेशफेऱ्यांपर्यंत, आणि गडावरील कीर्तनाच्या चित्रीकरणापासून संध्याकाळच्या गेमपर्यंत सगळा भार जेव्हा एकाच लॅपटॉपवर पडतो, तेव्हा सी ड्राइव्हची निळी पट्टी लाल झाली की आधी कोणाची वस्तू बाहेर काढायची यावरून वाद उभा राहतो. अशा वेळी बहुधा फोटो आणि कागदपत्रांवर संक्रांत येते, कारण फाइल निवडून डिलीटची कळ दाबणे कोणालाही जमते, तर गेम काढण्याची रीत निराळी असून ती पुष्कळांना नीट ठाऊक नसते. वास्तविक जातीचा दाखला, नॉन-क्रीमीलेअर, सातबारा, गुणपत्रिका असा एका घराचा सारा कागदी संसार स्कॅन करून ठेवला तरी तो काहीशे एमबीपलीकडे क्वचितच जातो. तो पुसून मिळणारी जागा नगण्य आणि तो परत उभा करण्यासाठी घालावे लागणारे हेलपाटे मात्र अनेक. म्हणून काय काढावे हे केवळ आकारावरून न ठरवता, काढलेली वस्तू परत आणण्यास किती खर्च पडेल यावरून ठरवावे, ही या भागाची मांडणी आहे.

आधी उपलब्ध जागेचा हिशेब. लॅपटॉपच्या खोक्यावर २५६ जीबी छापलेले असते आणि विंडोज मात्र २३८ जीबी दाखवते, यात दुकानदाराची लबाडी नसते; उत्पादक एक जीबी म्हणजे शंभर कोटी बाइट असे धरतो आणि विंडोज १०२४ च्या पटीत मोजत असल्यामुळे त्याच जागेचा आकडा लहान दिसतो. याच कारणाने ५१२ जीबीची एसएसडी ४७६ ची आणि १ टीबीची ९३१ जीबीची भासते. विंडोज ११ साठी मायक्रोसॉफ्टने किमान ६४ जीबी साठवणुकीची अट घातली आहे. त्याशिवाय अद्ययावत करण्यासाठी राखून ठेवलेली जागा, झोपी गेलेल्या यंत्राची स्मृती जपणारी हायबरनेशनची फाइल आणि रॅम अपुरी पडली की उपयोगी येणारी पेज फाइल, यांचा वाटा आधीच कापला जातो. उरलेल्या जागेत एखादा मोठा गेम शिरला की काय होते, हे निराळे सांगण्याची गरज नाही.

गेम एवढे फुगले कसे, हे पाहण्यासारखे आहे. २००३ मध्ये संगणकावर आलेल्या ‘जीटीए : व्हाइस सिटी’ला हार्ड डिस्कवर ९१५ एमबी जागा लागत असे, त्याच मालिकेतील पाचवा गेम २०१५ मध्ये संगणकावर आला तेव्हा त्याची किमान गरज ६५ जीबी होती. २०२० च्या ‘मायक्रोसॉफ्ट फ्लाइट सिम्युलेटर’साठी १५० जीबीची शिफारस होती आणि युरोपात त्याची जी डिस्कवरील आवृत्ती निघाली ती दहा डीव्हीडींची. या वाढीत प्रत्यक्ष आज्ञावलीचा, म्हणजे गेम चालविणाऱ्या सूचनांचा, वाटा थोडा असतो. बहुतेक जागा टेक्श्चर, म्हणजे भिंत, माती, कापड, त्वचा यांवर चढविलेली चित्रे, आणि अनेक भाषांतील ध्वनिमुद्रणे व्यापतात. याखेरीज एक कारण सहसा लक्षात येत नाही. फिरत्या तबकडीच्या जुन्या हार्ड डिस्कवर वाचणाऱ्या टोकाला इकडून तिकडे हलावे लागते आणि त्यात वेळ जातो, म्हणून काही निर्माते तीच माहिती अनेक ठिकाणी पुन्हा पुन्हा लिहून ठेवतात, जेणेकरून लागेल ते जवळच सापडावे. ‘हेलडायव्हर्स २’ या गेमच्या निर्मात्यांनी डिसेंबर २०२५ मध्ये अशी पुनरावृत्ती काढून टाकली, तेव्हा संगणकावरील त्याचा आकार सुमारे १५४ जीबीवरून २३ जीबीवर आला. एसएसडी असलेल्या गिऱ्हाइकाने जुन्या डिस्कवाल्यांच्या सोयीसाठी एवढी जागा देत राहावे, हा व्यवहार एरवी कोणी मान्य केला नसता.

आता काढण्याची प्रक्रिया. डेस्कटॉपवरील चित्र, म्हणजे शॉर्टकट, हे गेमकडे बोट दाखविणारे काही केबीचे टिपण असते. ते रिसायकल बिनमध्ये टाकले तर मूळ गेम जागच्या जागी राहतो आणि सी ड्राइव्हच्या आकड्यात तसूभरही फरक पडत नाही. गेम बसविताना सेटअप दोन कामे करतो : फाइली प्रोग्रॅम फाइल्ससारख्या फोल्डरमध्ये ठेवतो, आणि विंडोजच्या रजिस्ट्रीत, म्हणजे यंत्रावर काय कोठे आहे याची जी मध्यवर्ती नोंदवही असते तीत, आपले नाव व आपल्याला काढण्याची आज्ञा लिहून ठेवतो. विंडोज ११ मध्ये सेटिंग्ज, ॲप्स, इन्स्टॉल्ड ॲप्स या वाटेने गेल्यावर जी यादी दिसते ती मुख्यतः या नोंदवहीवरून तयार होते. गेमच्या नावापुढील तीन टिंबांवर क्लिक करून अनइन्स्टॉल निवडले, की नोंदवहीतील तीच आज्ञा चालते. ही यादी आकाराच्या क्रमाने लावता येते खरी, पण त्या क्रमावर फार विसंबू नये, कारण पुष्कळदा तेथील आकडा गेम बसविताना सेटअपने लिहिलेला असतो, नंतरच्या अपडेटांनी वाढलेला भार त्यात धरलेला असतोच असे नाही, आणि काही गेमपुढे तर आकडाच येत नाही. परिणामी सर्वांत अवजड गेम यादीच्या तळाशी निरुपद्रवी चेहऱ्याने बसलेला आढळू शकतो. खात्री करायची तर गेमच्या फोल्डरवर उजवी कळ दाबून प्रॉपर्टीज पाहावे. तेथे येतो तो आकार प्रत्यक्ष मोजलेला असतो.

स्टीम किंवा एपिक यांसारख्या लाँचरमधून, म्हणजे गेमची खरेदी, डाउनलोड आणि चालविणे एकाच ठिकाणी करणाऱ्या प्रोग्रॅममधून, घेतलेला गेम त्याच लाँचरमधून काढावा. फोल्डर थेट पुसल्यास लाँचर आपल्या खतावणीत तो गेम बसवलेलाच धरून चालतो आणि पुढे विनाकारण चुका दाखवतो. काढलेला गेम खात्यावरील लायब्ररीतून जात नाही. विकत घेतलेला हक्क कायम राहून फक्त यंत्रावरील प्रत जाते. ‘व्हॅलोरंट’सारख्या गेमबरोबर व्हॅनगार्ड नावाचा जो चीटिंगविरोधी पहारेकरी बसतो तो मात्र यादीत वेगळा असतो आणि त्याला वेगळा निरोप द्यावा लागतो. याउलट मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी++ या नावाच्या यादीतील अनेक नोंदींना हात लावू नये. त्या अनेक प्रोग्रॅमना सामाईक लागतात आणि त्या काढून काही एमबीच हाती येतात.

पेन ड्राइव्हवरून मित्राकडून उतरवून घेतलेल्या गेमची गोष्ट निराळी. परवान्याचा आणि सोबत येणाऱ्या व्हायरसचा प्रश्न क्षणभर बाजूला ठेवला, तरी असा गेम पुष्कळदा सेटअपवाचून नुसता फोल्डर म्हणून आलेला असतो, त्याची नोंद रजिस्ट्रीत नसते आणि म्हणून तो यादीतही दिसत नाही. येथे फोल्डर पुसणे हाच उपाय होय. काही प्रती मात्र दाबून लहान केलेल्या संचिकांच्या रूपात येतात, त्यांतून गेम उलगडून बसविल्यावरही मूळ संचिका डाउनलोड्समध्ये पडून राहते आणि एका गेमला दोन गेमची जागा द्यावी लागते. मोठी जागा शोधणाऱ्याने पहिली नजर डाउनलोड्सकडे टाकावी, असे म्हणण्यामागे हेच कारण आहे.

अनइन्स्टॉल केल्यावर मागे जे उरते त्यात सर्वांत मोलाची वस्तू म्हणजे सेव्ह, अर्थात खेळाडू कोठवर पोहोचला याची नोंद. ती बहुधा डॉक्युमेंट्समधील माय गेम्स, सेव्ह्ड गेम्स किंवा लपविलेल्या ॲपडेटा या फोल्डरांत असते, तिचा आकार बहुधा काही एमबीच्या आत असतो, आणि बरेच अनइन्स्टॉलर तिला हात लावत नाहीत. पण काही लावतात, आणि अनइन्स्टॉलरने पुसलेले रिसायकल बिनमध्ये जात नाही. त्यामुळे सेव्हची एक प्रत आधीच बाजूला ठेवणे शहाणपणाचे. स्टीम क्लाउडसारखी सोय असलेल्या गेमची नोंद कंपनीच्या सर्व्हरवरही राहते, परंतु ही सोय प्रत्येक गेमला नाही. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या कंपनीने २०२० मध्ये आणलेल्या ‘राजी : ॲन एन्शंट एपिक’सारखा कथेचा गेम एकदा शेवटास गेला की सेव्ह जपून तो काढण्यास हरकत नसते, रोज मित्रांबरोबर खेळण्याचा गेम काढला तर तो आठवड्याच्या आत परत बसविला जाण्याचा संभव अधिक.

परत बसविण्याची ही बाब खेड्यात जड जाते. ज्या घरी फायबरची तार आलेली नाही तेथे लॅपटॉपला इंटरनेट मिळते ते मोबाइलच्या हॉटस्पॉटवरून, आणि मोबाइलचा पॅक रोज दीड किंवा दोन जीबीचा. रोजचे सगळे दोन जीबी एकाच कामी लावले, घरातील कोणीही व्हिडिओ पाहिला नाही असे धरले, तरी ६५ जीबीचा गेम उतरण्यास तेहतीस दिवस लागतात. शहरात एका रात्रीत भरून निघणारी चूक येथे महिनाभर पुरते. अशा ठिकाणी गेम पुसण्याऐवजी हलविणे बरे : स्टीममध्ये गेमच्या प्रॉपर्टीजमधून इन्स्टॉल फोल्डर दुसऱ्या ड्राइव्हवर नेता येतो, किंवा बॅकअप काढून तो बाहेरच्या हार्ड डिस्कवर ठेवता येतो आणि पुढे तेथून परत आणताना फक्त मधल्या काळातील अपडेटांपुरताच डेटा जळतो.

ज्या यंत्रावर मोबाइलचे गेम चालविण्यासाठी ब्लूस्टॅक्ससारखा इम्युलेटर, म्हणजे विंडोजच्या पोटात अँड्रॉइड फोन उभा करणारा प्रोग्रॅम, बसविलेला असतो त्यावर आणखी एक गुंता होतो. इम्युलेटर आपला सारा संसार एका मोठ्या आभासी डिस्कच्या फाइलीत ठेवतो. तीत गेम आले की फाइल वाढते, पण आतील गेम काढले म्हणून ती आपोआप आक्रसत नाही. केंद्र सरकारने सप्टेंबर २०२० मध्ये पबजी मोबाइलवर आणि फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायरवर बंदी घातली, तेव्हा ते ॲप स्टोअरमधून गेले, परंतु यंत्रावर आधीच बसलेला डेटा कोणत्याही सरकारी आदेशाने पुसला जात नसतो. जुन्या लॅपटॉपवर न उघडलेला इम्युलेटर आढळल्यास त्याच्या सेटिंग्जमधील डिस्क साफ करण्याची सोय वापरावी, किंवा तो मुळासकट काढावा. एका फटक्यात मोठी जागा मिळण्याचे हे हमखास ठिकाण होय.

पुसलेली जागा खरोखर रिकामी होते का, हाही प्रश्न विचारला जातो. विंडोज फाइल पुसते म्हणजे ती जागा वापरण्यास मोकळी आहे अशी नोंद करते. जुन्या हार्ड डिस्कवर मजकूर नवे काही लिहिले जाईपर्यंत तसाच राहतो आणि म्हणून चुकून गेलेली फाइल कधी कधी परत मिळवता येते. एसएसडीत विंडोज ट्रिम नावाचा निरोप पाठवून कोणते कप्पे आता निकामी झाले हे डिस्कला कळविते आणि डिस्क ते सवडीने खरवडून ठेवते, त्यामुळे पुसलेले परत मिळण्याची आशा फार थोडी. मोकळे कप्पे हाताशी असणे एसएसडीच्या वेगासाठीही आवश्यक असते, कारण लिहिलेल्या कप्प्यावर थेट दुसरे लिहिता येत नाही, आधी तो पुसावा लागतो. डिस्क काठोकाठ भरली की ही उसाभर प्रत्येक वेळी करावी लागून यंत्र रेंगाळते.

गेम काढूनही पट्टी लालच राहिली तर दोषी बहुधा व्हिडिओ असतात. आयफोनवर ४के दर्जाचे, सेकंदाला ३० चौकटींचे चित्रीकरण एचईव्हीसी या दाबून साठविण्याच्या पद्धतीतही मिनिटाला सुमारे १७० एमबी घेते. म्हणजे दोन तासांचे एक कीर्तन २० जीबीचे, आणि अखंड हरिनाम सप्ताहाची सात कीर्तने १४० जीबीच्या वर. त्यापुढे ६५ जीबीचा गेम लहानच ठरतो, फरक एवढाच की गेम कंपनीच्या सर्व्हरवर आहे आणि कीर्तन दुसरीकडे कोठेही नाही. तिपाईवर स्थिर ठेवलेल्या फोनने, दिव्याच्या प्रकाशात, एका जागी उभ्या असलेल्या कीर्तनकाराचे चित्रण करण्यास ४केची गरज नसते; तेच १०८० दर्जात घेतल्यास मिनिटाला ६० एमबी या हिशेबाने सारा सप्ताह ५० जीबीत मावतो, आणि केवळ श्रवणासाठी १२८ केबीपीएसची ध्वनिफीत ठेवल्यास तो एका जीबीच्याही आत बसतो. आधीच ४केमध्ये घेतलेली चित्रणे लहान कशी करावीत आणि बाहेरच्या हार्ड डिस्कवर ती दोन ठिकाणी का ठेवावीत, याचा विचार पुढील भागात.