हद्दीच्या अलीकडे महापालिका, पलीकडे झेडपी

परभणीच्या बाहेर प्लॉट बघताना पहिला प्रश्न असतो, "हे महापालिकेत येतं की ग्रामपंचायतीत?" पाणी, नाली, रस्ता कुणाकडे मागायचा, ते यावरच ठरतं.

आपल्याकडे दोन वेगळे कारभार आहेत. २०११ मध्ये परभणी नगर परिषदेची महापालिका झाली. हद्दीबाहेर मात्र ग्रामपंचायत, पंचायत समिती आणि जिल्हा परिषद. शहरातला मतदार झेडपीला मत देत नाही. म्हणजे हद्द ओलांडली की सदस्य, अधिकारी, बजेट, सगळंच बदलतं.

आयर्लंडमध्ये लिमरिकलाही असंच होतं. तिथं जिल्ह्यासारख्या भागाला काउंटी म्हणतात. १ जून २०१४ ला शहर आणि काउंटीची कौन्सिलं एक झाली. आता सदस्य ४०: शहर आणि आसपासचे २१, बाकी तीन ग्रामीण विभागांचे १९. विभागातली स्थानिक कामं त्या विभागाचे सदस्य बघतात. संपूर्ण बजेट सगळे मिळून मंजूर करतात. २०२४ पासून महापौरही थेट लोकच निवडतात.

मग भांडण संपलं का? नाही. २१ विरुद्ध १९ झालं, तर गावाकडचा रस्ता मागे पडू शकतो. पण "ते आमच्या हद्दीत नाही," हे उत्तर तरी बंद होतं.

आपल्याकडे शहर आणि गावाचे सदस्य एकत्र बसतात ते जिल्हा नियोजन समितीत. कारभार मात्र वेगळेच राहतात. म्हणून प्लॉटचा इसार देण्याआधी घरपट्टीची पावती बघा. वर नाव कुणाचं आहे?