विरुंगाच्या उतारावरची साठ वर्षं

१९५९मध्ये प्राणिशास्त्रज्ञ जॉर्ज शॅलर मध्य आफ्रिकेतल्या विरुंगाच्या डोंगरांत पोहोचले, तेव्हा गोरिला म्हणजे माणूस दिसताच धावून येणारं हिंस्र जनावर, अशीच समजूत होती. पुढे कान्हाच्या वाघांचा अभ्यास करणारे शॅलर हेच. लपून न बसता, गोरिलांना दिसतील असे बसून त्यांनी निरीक्षणं केली आणि ती समजूत खोडून काढली.

१९६७मध्ये गोरिलांच्या अभ्यासक डायन फॉसी यांनी रवांडात करिसिम्बी आणि बिसोके या ज्वालामुखींच्या मधल्या भागात तळ उभारला: करिसोके. गोरिलांच्या नाकावरच्या वळ्या रेखाटून त्या एकेकाला ओळखायच्या. १९६९मध्ये कोलोनच्या प्राणिसंग्रहालयासाठी पकडलेली दोन आजारी पिल्लं त्यांच्याकडे आली. ती पकडताना कळपातले मोठे गोरिला मारले गेले होते. फॉसींनी पिल्लांना जगवलं, पण त्यांचा विरोध डावलून ती जर्मनीला गेलीच. १९७८मध्ये दोन्ही तिथेच मेली. विरुंगातले हे पर्वतीय गोरिला आज जगातल्या एकाही प्राणिसंग्रहालयात नाहीत. म्हैसूरच्या प्राणिसंग्रहालयात आहेत ते सखल जंगलांतल्या वेगळ्या जातीचे. त्यामुळे पर्वतीय गोरिलांना डोंगरावरच वाचवणं भाग होतं.

१९८१च्या गणनेत विरुंगात जेमतेम अडीचशे गोरिला उरले होते. गोरिला पाहायला येणाऱ्यांच्या पर्यटनाला फॉसींचा विरोध होता. तिथे त्यांचं चुकलं, असं मला वाटतं. रोजच्या गस्तीचा पैसा पुढे पर्यटनातूनच उभा राहिला. १९८५मध्ये फॉसींचा खून झाला. त्यानंतर वर्षभरातच पशुवैद्यांचं काम सुरू झालं, आणि माझ्या मते खरा फरक तिथून पडला. हरणांसाठी लावलेला फास गोरिलाच्या मनगटात रुतला की हात सडू लागतो. डॉक्टर जंगलातच भुलीचं इंजेक्शन मारतात, माग काढणारे कळपातल्या रुपेरी पाठीच्या नराला थोपवून धरतात, तार कापली जाते, आणि जनावर शुद्धीवर येऊन आपल्या कळपात जातं. १९६७ ते २००८ या काळात माणसाळवलेले, रोज देखरेखीखाली असलेले कळप वर्षाला सुमारे चार टक्क्यांनी वाढले, बाकीचे घटले.

रवांडातल्या १९९४च्या वंशसंहारात करिसोके उद्ध्वस्त झालं. स्थानिक माग काढणारे मात्र जिवावर उदार होऊन कामावर परतले. त्यांची नावं फार थोड्यांना ठाऊक आहेत, याचं मला वाईट वाटतं.

गोरिला रोज रात्री नवं घरटं बांधतो. ती घरटी मोजून आणि त्यांतल्या विष्ठेची जनुकीय तपासणी करून २०१८मध्ये विरुंगा आणि युगांडातलं ब्विंडी मिळून हजाराच्या वरचा आकडा जाहीर झाला. आता जागा अपुरी पडते आहे. बटाट्याची शेतं थेट जंगलाला भिडली आहेत. रवांडाने गोरिलांच्या राष्ट्रीय उद्यानाची हद्द वाढवायला घेतली आहे. त्यासाठी जमिनी सोडणाऱ्या शेतकऱ्यांना चांगली घरं आणि रास्त मोबदला मिळायलाच हवा.