कुस्तीचें पहिलें चलच्चित्र : एक हरवलेलें साधन

भांडुप येथें आमच्याकडे पोथ्या दाखविण्यास येणारे संग्राहक कधीं कधीं विचारतात कीं, जुन्या फिल्मच्या डब्यास दप्तरांत स्थान द्यावें काय? उत्तरार्थ एक उदाहरण देतों.

मुंबईच्या वॉटसन हॉटेलांत ७ जुलै १८९६ रोजीं ल्यूमिएर बंधूंच्या चलच्चित्रांचा खेळ झाला. त्यानंतर छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनीं इंग्लंडहून कॅमेरा मागविला आणि १८९९ सालीं हँगिंग गार्डनमध्यें पुंडलिकदादा व कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती टिपली. भारतीयानें घेतलेल्या अगदीं पहिल्या चलच्चित्रांत तिची गणना होते.

आरंभीं मल्लच कां? तत्कालीन यंत्र एका जागीं रोवलेलें असे. फिल्म फार थोडा वेळ पुरे. प्रकाश काय तो सूर्याचा. कुस्तीस जागा आखलेली, हालचाल भरपूर, आणि डाव समजण्यास शब्दांची गरज नाहीं. अन्यत्रहि हेंच दिसतें. १८९७ सालीं अमेरिकेंतील कार्सन सिटी येथें कॉर्बेट व फिट्झसिमन्स यांचें मुष्टियुद्ध टिपलें गेलें. त्याच वर्षीं सिडनी येथें रणजितसिंहांचा फलंदाजीचा सराव टिपला गेला.

पैकीं रणजितसिंहांची फिल्म टिकली, म्हणून त्यांचे फटके आजहि पाहतां येतात. सावेदादांच्या कुस्तीची प्रत मात्र उपलब्ध नाहीं. कोणता डाव पडला, भोंवतीं प्रेक्षक किती, हें सांगणारें मूळ साधनच गेलें. उरले ते केवळ उल्लेख. पोथीस कसर लागली तरी तिची नक्कल कोणीं तरी उतरलेली असूं शकते. फिल्मची नक्कल बोरूनें होत नाहीं.

नाशाचें कारण द्रव्यांतच आहे. त्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची. ती कालांतरानें चिकट होते, शेवटीं तिची भुकटी होते. आणि एकदां पेटली कीं पाण्यानेंहि विझत नाहीं.

यास्तव असा डबा सांपडल्यास तो दिव्याजवळ उघडूं नये, फिल्म यंत्रावर चढवूं नये. डब्यावरील चिठ्ठी पोथीच्या पुष्पिकेप्रमाणें अक्षरशः उतरून घ्यावी, डबा थंड जागीं वस्तीपासून दूर ठेवावा, आणि पुणें येथें १९६४ सालीं स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयास त्वरित कळवावें. दप्तरांत त्याची नोंद अवश्य असावी. डबा मात्र पोथ्यांशेजारीं कदापि नसावा.