बातमीच्या वेषातला प्रचार

निवडणूक आणि सिनेमा यांची गाठ फार लवकर पडली. १८९६ साली अमेरिकेच्या अध्यक्षपदाचे उमेदवार विल्यम मॅकिन्ली घरासमोरच्या हिरवळीवर चालताना आणि हातातला कागद वाचताना दिसतात, एवढीच एक मिनिटभराचीही नसलेली मूक चित्रफीत न्यूयॉर्कच्या नाट्यगृहात दाखवली गेली. आपण उमेदवार पाहतो आहोत, हे प्रेक्षकांना ठाऊक होतं. खरा घात झाला १९३४ मध्ये, कॅलिफोर्नियात. ‘द जंगल’ या कादंबरीचे लेखक अप्टन सिंक्लेअर तिथे डेमोक्रॅटिक पक्षातर्फे गव्हर्नरपदासाठी उभे राहिले. मंदीत बंद पडलेले कारखाने आणि पडीक जमिनी बेकारांच्या हाती द्यायच्या, ही त्यांची योजना. स्टुडिओमालक हादरले. एमजीएमचे प्रमुख लुई मेयर हे रिपब्लिकन पक्षाचे राज्यातले बडे नेते. स्टुडिओच्या कर्मचाऱ्यांकडून एक दिवसाचा पगार मेरियम या रिपब्लिकन उमेदवाराच्या प्रचारासाठी वसूल झाला. मेयर यांच्याच स्टुडिओतले निर्माते अर्व्हिंग थालबर्ग यांनी ‘कॅलिफोर्निया इलेक्शन न्यूज’ नावाचे लघुपट काढले आणि ते चित्रपटगृहांना फुकट पुरवले गेले.

या लघुपटांची बनावट नीट पाहायला हवी. कॅमेरावाला रस्त्यात लोकांना विचारतो, मत कुणाला? नीटनेटके, घरंदाज दिसणारे नागरिक रिपब्लिकन फ्रँक मेरियम यांचं नाव घेतात. सिंक्लेअर यांचं नाव येतं ते बहुतेक फाटक्या कपड्यांतल्या किंवा परकी ढंगाने बोलणाऱ्या माणसांच्या तोंडी. तिसऱ्या भागात बेकारांच्या झुंडी रेल्वेने राज्यात घुसताना दिसतात. हे सगळं मुख्य सिनेमाआधी, आपल्याकडच्या फिल्म्स डिव्हिजनच्या वृत्तपटांसारखं, बातमी म्हणून पडद्यावर यायचं.

सिंक्लेअर हरले ते केवळ सिनेमामुळे नव्हे, असा आक्षेप घेतला जातो आणि तो रास्त आहे. वृत्तपत्रं त्यांच्यावर तुटून पडली होती, त्यांच्याच पक्षाचे असलेले राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी पाठिंबा दिला नाही, आणि तिसरे उमेदवार रेमंड हाइट यांना ३ लाखांवर मतं पडली, तर मेरियम यांची आघाडी सुमारे २ लाख ५९ हजारांची होती. पण लघुपटांनी किती मतं फिरवली, यावर त्यांचा दोष ठरत नाही. प्रत्येक पक्ष आपली बाजू रंगवून सांगतोच, असंही म्हटलं जातं. सांगू दे की. सभेत, पत्रकात, आपल्या नावानिशी. प्रचार ओळखू आला की माणूस सावध होतो, उलटतपासणी करतो. इथे तीच संधी हिरावून घेतली गेली. पडद्यावरची बातमी एका पक्षाच्या बाजूने रचलेली आहे, हे मत देण्याआधी कळणं हा कॅलिफोर्नियातल्या मतदाराचा हक्क होता आणि थालबर्ग यांनी तो जाणूनबुजून डावलला.