मूळपुरुष कोण? ग्रीक वंशकथा आणि मातीतून जन्मलेली माणसे

मागच्या व्याख्यानात आपण हेसिअडची देवांची वंशावळ पाहिली. आज आपल्याला माणसांकडे यायचं आहे. ग्रीकांच्या जवळजवळ प्रत्येक नगराला एक मूळपुरुष आहे, आणि त्या मूळपुरुषापासून खाली उतरणारी वंशावळ आहे. आजचा आपला प्रश्न असा : या वंशावळी कशासाठी होत्या? नुसत्या गोष्टी म्हणून त्यांच्याकडे पाहिलं, तर त्यांच्यातला महत्त्वाचा भाग हातून निसटतो.

आधी सगळ्यात मोठी वंशावळ घेऊ. जलप्रलयातून वाचलेल्या ड्यूकेलिअनचा मुलगा हेलेन. (ट्रॉयची सुंदरी हेलन ती वेगळी, बरं का. हा पुरुष आहे.) ग्रीक लोक स्वतःला 'हेलेनीज' म्हणवतात ते याच्या नावावरून. हेलेनला तीन मुलगे : डोरस, झुथस आणि आयोलस. डोरसपासून डोरियन, आयोलसपासून आयोलियन. झुथसला दोन मुलगे, आयॉन आणि अकियस, त्यांच्यापासून आयोनियन आणि अकियन. म्हणजे बघा, ग्रीक लोकांचे जेवढे मोठे गट, तेवढी नावं या झाडावर बरोबर बसलेली आहेत. आता हा योगायोग नव्हे. गट आधी होते, त्यांच्या बोली आधी होत्या. पूर्वज मागाहून आला. 'आपण एकमेकांचे कोण लागतो' या प्रश्नाचं उत्तर ग्रीकांनी नात्याच्या भाषेत दिलं. अमुक गट आपल्याला सख्ख्या भावासारखा, तमुक चुलत्यासारखा. ही वंशावळ म्हणजे एक प्रकारचा नकाशाच आहे.

हे फक्त ग्रीकांनीच केलं असं नाही. आपल्या 'यवन' या शब्दाचा उगम याच 'आयोनियन' नावात आहे. कार्ल्याच्या लेण्यांत दान देणाऱ्या यवनांची नावं कोरलेली आहेत. आणि महाभारताने या यवनांचं काय केलं? त्यांना ययातीच्या मुलाचे, तुर्वसूचे वंशज ठरवलं. ग्रीकांच्या झाडावर ते आयॉनची मुलं, आपल्या झाडावर तुर्वसूची. परका माणूस दारात आला की त्याला वंशावळीत कुठंतरी जागा करून द्यायची, ही रीत दोन्हीकडे एकच.

आता नगरांकडे वळू. मूळपुरुष ढोबळमानाने दोन प्रकारचे असतात : बाहेरून आलेला आणि मातीतून उगवलेला.

बाहेरून आलेल्याचं उत्तम उदाहरण म्हणजे थीब्जचा कॅडमस. हा फिनिशियाचा राजपुत्र. बहीण युरोपा हिला झ्यूसने बैलाच्या रूपात पळवून नेली, तिच्या शोधात हा निघाला. डेल्फीच्या देववाणीने सांगितलं, बहिणीचा नाद सोड. एका गाईच्या मागे जा, ती जिथे बसेल तिथे नगर वसव. तिथल्या झऱ्यावर एरीस देवाचा महासर्प होता. कॅडमसने त्याला मारला आणि त्याचे दात जमिनीत पेरले. त्यातून शस्त्रं घेतलेले पुरुष उगवले आणि उगवताक्षणी एकमेकांना कापू लागले. शेवटी पाच उरले. थीब्जची जुनी घराणी स्वतःला या 'पेरलेल्या' माणसांचे वंशज मानीत. म्हणजे एकाच नगराच्या पायात परदेशी राजा आहे, मातीची लेकरं आहेत आणि भाऊबंदकीचं रक्तही आहे. पुढे याच कॅडमसच्या वंशात लायस, मग इडिपस, आणि इडिपसचे एकमेकांना मारणारे दोन मुलगे. पहिल्या दिवशी जे झालं, तेच घराण्यात पुन्हा पुन्हा होत राहिलं.

अथेन्सची गोष्ट वेगळी. तिथे एरिक्थोनिअस हा हेफेस्टसच्या बीजापासून थेट भूमीतून जन्मला आणि अथीना देवीने त्याला वाढवलं. अथीनियन लोक म्हणत, आम्ही कुठून आलो नाही. आम्ही याच मातीचे. ऐकायला किती छान! पण या छान वाटणाऱ्या कल्पनेच्या जोडीला कायदा उभा राहतो तेव्हा काय होतं ते पाहा. इ.स.पू. 451 मध्ये पेरिक्लीजने कायदा करून घेतला की आई आणि वडील दोघंही अथीनियन असतील तरच मूल नागरिक. त्याआधी वडील अथीनियन असले की पुरत असे. अथेन्सच्या लोकशाहीची घडी घालणारा क्लाइस्थेनिस याची आई सिसिऑनची होती. नव्या कायद्याच्या मापाने तोही बसला नसता. गंमत अशी, की पेरिक्लीजचे दोन औरस मुलगे प्लेगच्या साथीत गेले, तेव्हा मिलेटसच्या अस्पेशियापासून झालेल्या मुलाला नागरिकत्व मिळावं म्हणून त्यालाच लोकांपुढे विनंती करावी लागली.

युरिपिडीजचं 'आयॉन' हे नाटक या पार्श्वभूमीवर वाचायला हवं. अथेन्सची राजकन्या क्रेउसा हिला अपोलोपासून मूल होतं, ती ते गुहेत सोडते. मूल डेल्फीच्या देवळात सेवक म्हणून वाढतं. पुढे तिचा परदेशी नवरा झुथस याला देववाणीमुळे वाटतं, हा आपलाच मुलगा. तो म्हणतो, चल अथेन्सला. आणि आयॉन कचरतो. त्याचं म्हणणं असं, की ती माणसं मातीतून जन्मलेली. मी परक्याचा मुलगा, तोही अनौरस. आई अथीनियन नसेल तर त्या नगरात मला मोकळेपणाने तोंड उघडता येणार नाही. नाटकाच्या शेवटी आई सापडते, पण अथीना बजावते की झुथसला खरं सांगू नका, त्याला आपल्या समजुतीतच राहू द्या. म्हणजे आयोनियनांच्या मूळपुरुषाचं अथेन्समधलं स्थान एका लपवलेल्या गोष्टीवर उभं आहे. युरिपिडीज उपदेश करीत नाही, फक्त प्रेक्षकांना हे दाखवतो.

तत्त्वज्ञांनी मात्र उघड प्रश्न विचारले. सॉक्रेटिसच्या वर्तुळातला अँटिस्थेनिस, याची आई थ्रेसची असल्याचं सांगितलं जातं. मातीतून जन्मल्याचा तोरा मिरवणाऱ्यांना तो म्हणे, मग गोगलगाई आणि टोळही तुमच्याइतकेच कुलीन! प्लेटोने 'थिएटिटस'मध्ये याहून खोल मुद्दा मांडला. पंचवीस पिढ्या मोजून हेराक्लीजपर्यंत पोचल्याचा अभिमान धरणाऱ्याला हिशेब कळत नाही. प्रत्येकाला अगणित पूर्वज असतात, आणि त्यांत राजे असतात तसे गुलामही असतात, ग्रीक असतात तसे परकेही. वंशावळ खरी की खोटी, हा वादच इथे नाही. ती खरी असली तरी अनेक वाटांपैकी एकच वाट निवडून बाकीच्या पुसून टाकलेली असते, हा मुद्दा आहे.

आणि हाच प्लेटो 'रिपब्लिक'मध्ये आदर्श नगरासाठी स्वतः एक मूळकथा रचतो! सगळे नागरिक एकाच भूमीच्या पोटी जन्मले, म्हणून सगळे भाऊ. फक्त कोणात सोनं मिसळलं आहे, कोणात चांदी, कोणात लोखंड. या कथेला तो 'फिनिशियन' म्हणतो, म्हणजे इशारा सरळ कॅडमसकडे आहे. पण यात दोन गोष्टी लक्षात घ्या. एक, सोन्याच्या आईबापांना लोखंडाचं मूल झालं तर त्याला खाली उतरवायचं, आणि उलट झालं तर वर चढवायचं. म्हणजे मातीची कथा त्याने ठेवली, पण कुळाचा हक्क कापून काढला. दुसरी, कॅडमसच्या कथेत मातीतून आलेले भाऊ एकमेकांना मारतात, हे ऐकणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक होतं. एका मातीचे असलो की एकोपा येतोच, याची हमी ती कथाच देत नाही.

तेव्हा कुठलीही वंशावळ समोर आली की आपण तीन प्रश्न विचारू या. ती कोणाला कोणाजवळ आणते? कोणाला बाहेर ठेवते? आणि ती सांगण्याची गरज नेमकी कोणत्या वेळी पडली? 'हे खरंच घडलं का' या एका प्रश्नापेक्षा हे तीन प्रश्न आपल्याला जास्त शिकवतात.

पुढच्या व्याख्यानात आपण स्पार्टाकडे जाऊ. तिथे एकाच वेळी दोन राजे राज्य करीत, आणि दोघंही स्वतःला हेराक्लीजचे वंशज म्हणवीत. ते का, हे तेव्हा पाहू. आज इथेच थांबू या.