आधी ताबा, मग दाद

मराठी वर्तमानपत्रांच्या आतल्या पानांवर ‘ताबा सूचना’ असं शीर्षक असलेल्या चौकटी असतात. कर्जदार, जामीनदार, थकबाकीचा आकडा, फ्लॅटच्या चतुःसीमा. सगळं उघड. ही छपाई बँकेच्या हौसेची नाही. ताबा घेतल्यापासून सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत सूचना द्यायची, त्यातलं एक स्थानिक भाषेतलं हवं, असा नियमच आहे. तो ज्या कायद्याचा, त्याला बँकेत आणि कोर्टात सगळे ‘सरफेसी’ म्हणतात.

२००२ साली तो आला. त्याआधी, नरसिंहम समितीच्या शिफारशीनंतर, १९९३च्या कायद्याने खास कर्जवसुली न्यायाधिकरणं, म्हणजे डीआरटी, निघाली होती. महाराष्ट्रात ती मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला आहेत. पण तिथेही दाद मागायला बँकेलाच जावं लागे. सरफेसीने हा क्रम उलटा केला. हप्ता नव्वद दिवसांहून अधिक थकला की खातं एनपीए, म्हणजे अनुत्पादक, मग साठ दिवसांची मागणी नोटीस, आणि तरीही पैसे आले नाहीत तर तारणाचा थेट ताबा. पंचेचाळीस दिवसांच्या आत डीआरटीची पायरी चढायची ती कर्जदाराने. दिवाणी कोर्टाची वाट कायद्यानेच अडवलेली.

मूळ कायद्यात तर डीआरटीत नुसतं म्हणणं मांडायलाही मागणीच्या ७५ टक्के रक्कम आधी भरा, अशी अट होती. एवढे पैसे हाताशी असते तर माणूस थकला कशाला असता? मार्डिया केमिकल्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ८ एप्रिल २००४ रोजी ही अट रद्द केली. बाकी कायदा उचलून धरला. कर्जदाराच्या हरकतीला बँकेने कारणांसह उत्तर दिलं पाहिजे, हे कलमही त्या निकालानंतरच आलं. वरच्या अपिलासाठी मात्र निम्मी रक्कम आजही भरावी लागते. अपील न्यायाधिकरण ती फार तर पंचवीस टक्क्यांवर आणू शकतं.

डीआरटीत ‘कर्ज घेतलंच नाही’ असं म्हणणारा विरळा. भांडण असतं तारखांचं आणि कागदांचं: नोटीस कुणाच्या हाती पडली, दारावर चिकटवली का, लिलावाआधी पुरते दिवस दिले का. वकिलाचं अर्धं कसब कॅलेंडर वाचण्यात असतं.

कागदोपत्री ताबा झाला तरी घरात माणसं राहतच असतात. तेव्हा बँक कलम १४ खाली जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे किंवा मुंबईसारख्या महानगरात मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करते. कुलूप तोडायला वकिलाला आयुक्त म्हणून पाठवता येईल का, यावरही वाद रंगला. मुंबई उच्च न्यायालय नाही म्हणालं, तर सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये एनकेजीएसबी बँकेच्या प्रकरणात होकार दिला.

सहकारी बँकांना हा कायदा लागू आहे की नाही, हा प्रश्न कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या एका बँकेच्या खटल्यातून पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढे गेला. ५ मे २०२० रोजी उत्तर आलं: लागू आहे. पतसंस्थांचा मार्ग वेगळा. त्या सहकार कायद्याच्या कलम १०१ खालचा वसुली दाखला घेतात.

सर्वांत कडू निकाल बहुधा बाफना मोटर्सचा. युनियन बँकेकडे तारण असलेल्या त्यांच्या मालमत्तेचे आठ लिलाव फसले. नवव्यात १०५.०५ कोटींची बोली आली, आणि कर्जदाराने १२९ कोटी भरून गहाण सोडवायची तयारी दाखवली. उच्च न्यायालयाने मान्यता दिली, बँकही राजी होती. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२३ मध्ये ते फिरवलं: गहाण सोडवण्याचा हक्क लिलावाची सूचना प्रसिद्ध होईपर्यंतच. जास्त पैसे देणाऱ्याला नाही म्हणणं विचित्र वाटतं. पण बोली लावणाऱ्याला विक्रीचा भरवसा नसेल तर दहाव्या लिलावाला येणार कोण?

गोव्यातली गोष्ट याहून गुंतागुंतीची. दक्षिण गोव्यातलं पार्क हयात हॉटेल ब्लू कोस्ट कंपनीने आयएफसीआय या वित्तसंस्थेच्या १५० कोटींच्या कर्जासाठी गहाण ठेवलं होतं. २०१५ मध्ये ते आयटीसीला ५१५.४४ कोटींना विकलं गेलं. कंपनीचं म्हणणं, काही जमीन शेतीची आहे आणि शेतजमिनीला सरफेसी लागूच नाही. शिवाय हरकतीला उत्तरही मिळालेलं नाही. मुंबई उच्च न्यायालयाने विक्री रद्द केली, सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये ती कायम केली. जमीन शेतीची मानली नाही. हरकतीला उत्तर देणं बंधनकारकच आहे, असं बजावलं. मात्र पुढे कंपनी आणि आयएफसीआय यांच्यात वारंवार वाटाघाटी झाल्याने इथे तेवढ्यावरून कारवाई कोसळत नाही, असंही म्हटलं. त्यामुळे कर्जदाराचा वकील आणि बँकेचा वकील, दोघेही या एकाच निकालाचा आधार घेऊ शकतात.